अजून यायचे

पहिला दिवस

सभागृहाबाहेरच्या टेबलावर तो बिल्ले मांडत होता. हे त्याचं नेहमीचंच काम. परिषद दंतवैद्यांची असो की मधमाश्या पाळणाऱ्यांची, बिल्ला द्यायचा आणि वहीत सही घ्यायची. या खेपेला काळाची जादू आणि इतर मिती यांचे अभ्यासक जमले होते. बासष्ट माणसं, आणि एकाचं घड्याळ दुसऱ्याशी जुळेल तर शपथ.

"उशीर झाला का हो?" एका टकल्या विद्वानाने विचारलं.

"अर्धा तास."

"कुणाचा?" म्हणत, स्वतःच्याच विनोदावर खूश होऊन तो आत गेला.

या मंडळींची एक रीत मात्र न्यारी. जो आला नाही त्याच्यापुढे शेऱ्यात 'गैरहजर' लिहायचं नाही. 'अजून यायचे' असं लिहायचं.

"इथल्या आजमध्ये नसला, तर दुसऱ्या एखाद्या आजमध्ये असेल माणूस," अध्यक्षबाईंनी तीन आठवड्यांपूर्वी समजावलं होतं. "आपण दार कशाला लावून घ्यायचं?"

तेव्हापासून त्याचं डोकं ठिकाणावर नव्हतं. चार वर्षांपूर्वी याच इमारतीच्या जिन्यात सात वर्षांच्या लेकीला तो म्हणाला होता, "इथेच थांब, ठमे. आलोच." सभागृहाला कुलूप लावून यायला लागली दोन मिनिटं. जिना रिकामा. पोलिसांनी गटारंसुद्धा उपसली.

त्याने कोऱ्या बिल्ल्यावर लिहिलं, ठमी. वहीत शेवटी, त्रेसष्टावी. शेरा: अजून यायचे.

अकराला आतला माइक किंचाळला. अध्यक्षबाईंनी हाक मारली, "अहो, बघा जरा याच्याकडे!"

"आलोच!" तो धावला.

परत आला तर बिल्ला नाही. सहीच्या रकान्यात पेन्सिल दाबून दाबून, रेघेबाहेर सांडलेली अक्षरं. ठमी. ठच्या पोटात दोन डोळे काढलेले. तिच्याशिवाय हा चाळा कुणालाच नव्हता.

त्याने बायकोला फोन करून सगळं सांगितलं.

"परत सुरू झालं का तुझं?"

"अगं, डोळे आहेत. ठमध्ये."

तिकडे हातातलं भांडं खाली ठेवल्याचा आवाज आला.

"मग टेबल सोडून गेलासच कशाला?"

दुसरा दिवस

सकाळी बिल्ला जागेवर होता. कडा मळलेल्या. तो सातपासून खुर्चीला चिकटून बसला. चहा नाही, पाणी नाही. वहीचं नवं पान, पुन्हा त्रेसष्टावी, पुन्हा तोच शेरा.

दुपारी जिन्यातून हाक आली. "बाबा."

"आलोच गं!" खुर्ची पडली, गुडघा सोलवटला. तीन मजले पालथे घातले त्याने. कुणी नव्हतं.

वहीत सही झाली होती. शाईने, सफाईदार, घाईची. नोकरीला निघालेल्या बाईची असावी तशी. ठचं पोट रिकामं.

तिची पंचवीस-तीस वर्षं त्याच्या हातून एका दिवसात निसटली होती.

तिसरा दिवस

एका जादा बिल्ल्याच्या फितीने त्याने पाय टेबलाला बांधून घेतला.

"हे काय?" अध्यक्षबाईंनी विचारलं.

"बाई, आज मी उठणार नाही. मेलो तरी नाही."

त्यांनी वहीची मागची पानं उलटून पाहिली. चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"फार भराभर चाललंय हो हे," त्या हळूच म्हणाल्या. "संध्याकाळपर्यंत..."

वाक्य तसंच सोडून त्या आत गेल्या.

सकाळी पुन्हा जागेवर आलेल्या ठमीच्या बिल्ल्यावर त्याने तळहात दाबून धरला. हात बधिर झाला. जिन्यातून हाक आली. ओठ चावून तो बसून राहिला. पुन्हा आली, या वेळी थकलेली. त्याच्या डोळ्यांना धारा लागल्या, पण जागचा हलला नाही.

आत समारोपाच्या टाळ्या झाल्या.

माइक किंचाळला.

"अहो, जरा..."

"आलोच!"

तो उठला नव्हता. वर्षानुवर्षांच्या सवयीने तोंडातून शब्द तेवढा गेला.

तळहाताखाली नुसतं लाकूड.

सही झाली होती. कापऱ्या हाताची, दोनदा थांबून पुरी केलेली. ठच्या पोटात पुन्हा दोन डोळे.

वहीशेजारी एक बिल्ला होता. त्याने न बनवलेला. कागद पिवळा पडलेला, फीत हाताळून हाताळून दोऱ्यावर आलेली. वर लिहिलं होतं, बाबा.

आणि वहीत, त्याच कापऱ्या अक्षरात, चौसष्टावी ओळ.

नाव: बाबा.

सही: कोरी.

शेरा: आलोच म्हणाले होते. अजून यायचे.