बार्नाबेचा शब्द

सिनेमात काम करणं म्हणजे तोंडाला काळं फासून घेणं, असं आन्सेल्म वालकूर नाटकमंडळींत छातीठोकपणे सांगायचा. आणि सकाळी हॅट डोळ्यांवर ओढून मोंत्रईच्या सिनेमा-स्टुडिओत, काचेच्या छपराखाली गुपचूप तेच करून यायचा. पॅरिसच्या रंगभूमीवर तीस वर्षं काढलेला माणूस! पण पाठांतर हल्ली दगा देत होतं, आणि सिनेमा अजून मुका होता, तिथं नुसते ओठ हलवले की भागत होतं.

बेलव्हिलच्या सिनेमागृहात तिकिटं फाडणाऱ्या झेलीची चिठ्ठी आली, 'दुपारच्या खेळाला या', तेव्हाही तो हॅट डोळ्यांवर ओढूनच गेला. झेली म्हणजे बार्नाबेची बायको. बार्नाबे त्यांच्या नाटकांचा प्रॉम्प्टर; रंगमंचापुढच्या खोपटात खाली बसून, नट अडला की पुढचा शब्द कुजबुजत द्यायचा. घशासाठी सतत बडीशेपेच्या गोळ्या चघळायचा. दोन वर्षांपूर्वी भर प्रयोगात आन्सेल्म अडला, आणि "बार्नाबेनं शब्दच दिला नाही," असं मालकाला सांगून मोकळा झाला. बार्नाबेची नोकरी गेली. मग आवाज गेला. मागच्या हिवाळ्यात बार्नाबेही गेला.

"या, या, मोठे नट!" झेली दारातच म्हणाली. "लाजताय काय? पहिल्या रांगेत बसा."

"कुणाला बोलू नकोस, झेली."

"मी कशाला बोलू? तुम्हीच बोलताय की रोज, पडद्यावर."

ती शेजारीच बसली. पडद्यावर तो सरदाराच्या वेषात आला, तलवार उपसली आणि थबकला. मान खाली घालून समोरच्या जमिनीकडे बघत राहिला, नाटकात प्रॉम्प्टरचं खोपटं असतं तिथं. चित्रीकरणात असं त्यानं केलंच नव्हतं. मग ओठ हलायला लागले.

"काय म्हणताय तिथं?" झेलीनं विचारलं.

"काहीतरीच गं. तोंडाला येईल ते बोलतो आम्ही. ऐकू थोडंच येतंय कुणाला?"

"शेवटचं वर्ष ह्यांना आवाज नव्हता. ओठ वाचूनच संसार केला मी."

शरमेनं आन्सेल्मचे कान तापले.

"शब्द दिला होता बार्नाबेनं," तो पुटपुटला. "मला ऐकू आला नाही. देवाशपथ!"

हे त्यानं स्वतःलाही इतक्यांदा सांगितलं होतं, की आता खरंच वाटायला लागलं होतं.

झेलीनं पडद्याकडे बोट केलं. "ते तिथले तर म्हणतायत, ऐकू आला होता."

खेळाला साथ म्हणून पियानो वाजवणारी बाई थांबली. पडद्यावरचा माणूस आता जमिनीकडे बघत नव्हता. पहिल्या रांगेकडे बघत होता.

"अहो, बोला की!" मागून कुणीतरी ओरडलं. लोक हसले.

आन्सेल्म उभा राहिला. तोंड उघडलं. शब्द सापडेना.

पायाशी बडीशेपेचा वास आला.

मग अगदी खालून, कुजबुजत, कुणीतरी त्याला शब्द दिला.

या वेळीही तो त्याला स्पष्ट ऐकू आला.