ओंजळीचा दगड

गेल्या वैशाखात मी चौकाची मापं घ्यायला गेलो, तेव्हा माझ्याजवळ एक वही, पेन्सिल आणि शिंप्याकडून मागून आणलेली टेप एवढंच होतं. काम साधं होतं. कल्याणातल्या आमच्या जुन्या चौकात ध्वजस्तंभ उभा राहिला होता आणि त्या निमित्ताने आमचं तरुण मंडळ चौकाच्या इतिहासाची एक पुस्तिका काढणार होतं. लेखक अर्थात मी. बी. ए. झालेला, सभेत टेबलावर मुठी आपटणारा गुरुदत्त, दुसरं कोण?

पुस्तिकेत सगळं होतं. खाडीवरून मिठाच्या गाड्या इथे कशा येत, गाडीवान कुठे मुक्काम करत, मधल्या विहिरीचं पाणी बैल दगडी डोणीतून कसे पीत. फक्त एक दगड मी गाळला होता.

तो विहिरीपासून दहा पावलांवर असे. ज्यांना विहिरीला शिवायची बंदी होती, त्यांनी त्या दगडावर उकिडवं बसून ओंजळ पुढे धरायची. कुणी वरून पाणी वाढलं तर प्यायचं, नाहीतर वाट पाहायची. इतक्या पिढ्यांनी वाट पाहिली होती की दगड मधोमध झिजून खोल झाला होता. लोक त्याला ओंजळीचा दगड म्हणत. बैलांना वाट पाहावी लागत नसे.

का गाळला, तेही सांगतो.

एक्कावन्न साली मी धाकूच्या मागे लागलो होतो. धाकू वेशीबाहेरच्या वस्तीतला, केरसुण्या वळणारा म्हातारा. मी त्याला म्हटलं, घटना झाली आहे, आता विहीर तुमचीही आहे. उद्या बाराला या, स्वतःच्या हाताने पोहरा ओढा. मी फोटोवाला बोलावलाय.

तो हसला होता. "दादा, मला तहान लागती पान्याची. तुमाला लागलीया फोटूची."

"मी तुमच्या शेजारी उभा राहीन, धाकू. शब्द देतो."

त्या शब्दावर तो आला. धुतलेलं धोतर नेसून आला. त्याने दोराला हात घातला आणि चौकातल्या सगळ्या ओट्यांवर माणसं उभी राहिली. कुणी शिवी दिली नाही, कुणी दगड उचलला नाही. आमचे प्रभाकरकाका, वडील गेल्यावर ज्यांनी मला शिकवलं ते, गर्दीतून पुढे आले आणि अगदी मायेने म्हणाले, "दत्तू, घरी चल. आई जेवायची थांबलीय."

मी गेलो.

एवढंच. मला कुणी ओढून नेलं नाही. मी चपला घातल्या आणि गेलो. त्या दिवशी आमरस होता. मी दोन वाट्या रस खाल्ला. इकडे धाकूच्या हातातून दोर काढून घेतला गेला. तो मुकाट्याने दगडावर जाऊन बसला आणि त्याने ओंजळ पुढे धरली. त्या उन्हात त्याला कुणीही पाणी वाढलं नाही. तिन्हीसांजेला उचलायला गेले तेव्हा तो गार पडला होता आणि त्याची ओंजळ सुटत नव्हती.

त्याच सुमारास काकांनी आपोष्णी सोडली. जेवणाआधी तळहातावर पाणी घेऊन मंत्र म्हणत ते पिण्याचा आमच्या घरचा नेम. पण काका नुसते हात जोडून जेवायला लागले. आई म्हणायची, वय झालं.

पुढे नळ आले, विहीर बुजवली. ओंजळीचा दगड स्तंभाच्या चौथऱ्याला खालची पायरी म्हणून बसवला, पालथा. ती सूचना माझी होती.

तर मी मापं घेत होतो. दुपारचे बारा. चौकात चिटपाखरू नव्हतं. फक्त पिंपळाखाली धाकूची बायको शेवंती केरसुण्या मांडून बसलेली. मी टेप पायरीला लावली आणि मला वास आला. भिजलेल्या सुंभाचा, विहिरीच्या दोराचा वास. मग खोल कुठेतरी पोहरा काठाला आपटला. ज्या विहिरीत आम्ही चाळीस गाड्या माती ओतली होती, तिच्यात.

आणि गुडघ्याच्या उंचीवरून, अगदी जवळून, आवाज आला.

"दादा... वाढताय ना?"

माझ्या हातातली टेप गळून पडली. मी शेवंतीकडे पाहिलं. तिने मानही वर केली नाही.

"ऐकलंत... तुम्ही?"

"मी रोजच ऐकते. चार वर्सांनी इतिहास लिवायला आलात व्हय? लिवा. उन्हात शाई लवकर सुकंल."

"मग तुम्ही त्याला पाणी..."

"घातलं की. माझ्या हातचं खाली सांडतं. ज्यानं बोलावलं, त्यानं वाढायचं."

मी घरी धावलो, तांब्या भरून आणला. पायरीशी वाकलो आणि धार धरली. पाणी दगडापर्यंत पोहोचलंच नाही. वीतभर वर, हवेतच ते नाहीसं होत होतं. आणि घोट ऐकू येत होते... मोठे, अधाशी, मध्येच ठसका लागल्यासारखे. शेवंती उठून उभी राहिली होती. तिने पदर तोंडाशी धरला होता. माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि भीती वाटायच्या जागी मला हलकं वाटायला लागलं होतं. अर्धा तांब्या झाला असेल.

"दत्तू? काय चाललंय तिथे?"

देवळाकडून काका येत होते, छत्री डोक्यावर धरून.

आज मी तीस वर्षांचा आहे. सभेत माझा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जातो. तरी मी तांब्या मागे घेतला आणि म्हणालो, "काही नाही, काका. पायरी धुतोय."

घोट थांबले. तांब्यातून निसटलेली शेवटची धार दगडावर पडली आणि धुळीत वाहून गेली. शेवंतीने केरसुण्या गोळा केल्या, भारा डोक्यावर घेतला आणि माझ्याकडे न बघता निघून गेली. ती पुन्हा त्या चौकात बसलेली मी पाहिली नाही.

घरी पानं मांडली होती. आपोष्णी वगैरे मी कधीच मानली नाही, आईसाठी करत आलो. आईने तळहातावर पाणी घातलं. मी हात तोंडाशी नेला. हात कोरडा होता.

"सांडलंस वाटतं," आई म्हणाली आणि तिने पुन्हा वाढलं. मी हाताकडे बघत राहिलो. पाणी होतं, आणि मग नव्हतं. पाटावर थेंब नाही, जमिनीवर थेंब नाही. तिसऱ्यांदा तिने गडू उचलला, तेव्हा समोरच्या पानावरून काकांनी हात पुढे करून तिला थांबवलं.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. आपला उजवा तळवा त्यांनी हळूच धोतरावर पुसला, जणू तो ओला होता.

"पुरे, वहिनी," ते म्हणाले. "त्याच्याही हातात थांबणार नाही आता."