चार सेकंदांचा रकाना

वृषाली हुमनाबादकरनं फ्रेंच नट यान केरवेलला चेहऱ्यावरून ओळखलं नाही, यात तिचा काही दोष नव्हता. त्याचे पाचही सिनेमे तिनं तीस-तीस वेळा बघितले होते. थांबवून, मागे नेऊन, पुन्हा चालवून. कारण त्यांची मराठी सबटायटल्स तीच करायची. पण पाचही सिनेमांत यान बहुतेक वेळ पाठमोरा उभा असतो. फ्रेंच समीक्षकांना ती पाठ फार बोलकी वाटते.

त्यामुळे जानेवारीतल्या त्या गुरुवारी सकाळी काचीगुडा स्टेशनवर बंगळूरची गाडी रिकामी झाली, आणि जागरणानं डोळे सुजलेला एक उंच गोरा मुलगा तिच्यापुढे येऊन उभा राहिला, तेव्हा तिला वाटलं, हा रस्ता चुकलेला प्रवासी. तिच्या हातात ‘सुस्वागतम्’ लिहिलेला पुठ्ठा होता. तो मराठीतच असावा असा त्याला बोलावणाऱ्या चित्रपट मंडळाच्या अध्यक्षांचा आग्रह होता. पाहुण्याला तो वाचता येणार नाही, हा मुद्दा बैठकीत कुणी मांडला नव्हता.

“कॉफी?” त्यानं इंग्रजीत विचारलं.

“कॉफी नाही. चहा. तिकडे.”

तो मान झुकवून वळला, चार पावलं गेला — आणि तिच्या हातातला पुठ्ठा खाली आला. डावा खांदा किंचित वर... मान जराशी कललेली...

“मॉस्यू केरवेल!”

तो थांबला. “कसं ओळखलंत?”

“पाठीवरून.”

“हल्ली माझी आईसुद्धा तशीच ओळखते,” तो फ्रेंचमध्ये म्हणाला, आणि हसला. हा माणूस हसतो, हे तिला पाच सिनेमांत कळलं नव्हतं. पुढचं त्यांचं सगळं बोलणं फ्रेंचमध्येच झालं.

चहाच्या पहिल्या घोटालाच त्यानं खिशातून एक पत्र काढलं. “तुमच्या अध्यक्षांचं. त्यांनी लिहिलंय, ‘आपले ते अजरामर वाक्य आमच्या सभासदांना तोंडपाठ आहे.’ कुठलं वाक्य? माझी पाच सिनेमांत मिळून बावीस वाक्यं आहेत. त्यातलं एकही लक्षात ठेवण्यासारखं नाही. मी त्या वाक्यासाठी आलोय.”

वृषालीचा कप बशीवर जरा जोरात टेकला.

“रविवारी कळेल,” ती म्हणाली.

आता हे वाक्य कुठून आलं, ते सांगायला हवं.

बरकतपुरा चित्रपट मंडळाचे सभासद बासष्ट आणि त्यांचं सरासरी वय चौसष्ट. अध्यक्ष एकनाथराव देगलूरकर शिक्षण खात्यातून निवृत्त झाले होते. म्हणजे खात्यानं त्यांना निवृत्त केलं होतं, त्यांनी खात्याला अजून सोडलं नव्हतं. यानच्या ‘ओहोटी’ या सिनेमाच्या शेवटी नायक समुद्राकडे तोंड करून उभा असतो, वारा सुटलेला असतो, आणि तो चार सेकंद काहीतरी पुटपुटतो. पॅरिसहून आलेल्या संवादांच्या यादीत तिथं ‘अस्पष्ट’ एवढंच होतं. वृषालीनं जागा कोरी सोडली. एकनाथरावांनी कागद परत पाठवला.

“बेटा, रकाना रिकामा सोडायचा नक्को. चाळीस वर्षांत मी एक सोडला नाही. काहीच नसेल तर ‘निरंक’ लिहा.”

खवळलेला समुद्र, एकटा नायक आणि खाली ‘निरंक’ — हे चित्र वृषालीनं डोळ्यांपुढे आणून पाहिलं. मग तिनं लिहिलं : ‘तू थांब म्हणाली असतीस, तर थांबलो असतो.’

ते तिनं कान देऊन ऐकून काढलं, असं समजून सभासद ढसाढसा रडले. एकनाथरावांच्या पत्नी भामाकाकू दोन वेळा बघायला आल्या. आणि रविवारच्या कार्यक्रमासाठी मंचामागे लावायला बारा फुटांचं बॅनर छापून आलं : वर ते वाक्य, खाली ‘— यान केरवेल’.

शुक्रवारी ती त्याला मलकपेठला रेसकोर्सच्या बाजूनं फिरवत होती. शर्यत नव्हती, पोरं घोड्यांना नुसतीच चालवून आणत होती. यान कठड्याला टेकून उभा होता. समोरून. नाकावर उन्हानं तांबूस डाग पडला होता, आणि वृषालीला तो पुसावासा वाटत होता, पण तो पुसला जाण्यातला नव्हता.

“सिनेमात कसा आलास?” तिनं विचारलं आणि जीभ चावली. फ्रेंचमध्येही तू आणि तुम्ही असतं, आणि ही वेस ओलांडण्याआधी लोक परवानगी मागतात.

“चालेल,” तो म्हणाला. “दोन दिवस वाटच बघत होतो.” मग घोड्यांकडे बघत बोलला, “बोटीची तिकिटं फाडत होतो. एकोणीस वर्षांचा. एक दिग्दर्शिका आली, दीपगृह कुठंय म्हणाली. मी वळून दाखवलं. ती म्हणाली, असाच उभा राहा.”

“आणि राहिलास.”

“आठ वर्षं.” तो हसला नाही. “गेल्या वर्षी मोठा सिनेमा मिळाला होता. समोरून! माझ्या नकळत त्यांनी डबिंगमध्ये माझं एक वाक्य बदललं. मी काम सोडून निघून आलो. लोक म्हणाले, वेडा आहे. असेन. पण माझ्या तोंडात दुसऱ्याचे शब्द घातलेले मला चालत नाहीत, वृषाली. ते करणाऱ्या माणसाशी मी पुन्हा बोलत नाही.”

वृषाली समोरचे घोडे मोजू लागली.

“तुला काही सांगायचंय का?”

“नाही... म्हणजे... तुझं नाक लाल झालंय.”

“एवढंच?”

“रविवारी सांगते.”

शनिवारी तिनं एकनाथरावांना बॅनर उतरवण्याची विनंती केली. “कायकू?” ते म्हणाले. “पाहुण्यांचं वाक्य पाहुण्यांच्या मागे नाही, तर कुठं लावायचं?” सांगून टाकावं म्हणून ती दोनदा पाहुण्याच्या दाराशी गेली. दोन्ही वेळा दार त्यानं इतक्या आनंदानं उघडलं, की ती चहा पिऊन परत आली.

रविवारी चार वाजता हॉल भरला. यान खुर्चीवर, शेजारी जरा मागे वृषाली, दोघांच्या मागे बारा फूट मराठी. त्यानं वळून बॅनरकडे पाहिलं, मग तिच्याकडे. “हेच का ते?” त्यानं हळूच विचारलं. तिनं माइक नीट केला.

दुभाष्याचा एक नियम असतो : समोरचा ‘मी’ म्हणाला की आपणही ‘मी’ म्हणायचं. मंचावर बोललेलं सगळं सांगायचं, पदरचं काही घालायचं नाही. वृषालीनं हा नियम नऊ वर्षं पाळला होता. चार सेकंद सोडून.

सभासदांतून श्रीकांत वकील उभे राहिले. त्यांचा प्रश्न सहा मिनिटं चालला. अखेरीस तो असा निघाला : “हे वाक्य पटकथेत होतं, की आपल्याला तिथं समुद्रावर सुचलं?”

पंख्यांचा आवाज येत होता. एक सोयीस्कर भाषांतर वृषालीच्या ओठांवर तयार होतं — आपल्याला समुद्र आवडतो का? तो ‘हो’ म्हणाला असता. त्याची परतीची गाडी साडेसातची होती. कुणाला कधीच कळलं नसतं.

ती त्याच्याकडे वळली. “मागे लिहिलंय, ‘तू थांब म्हणाली असतीस, तर थांबलो असतो.’ ओहोटीचा शेवट. हे तुझं वाक्य नाही, माझं आहे. जागा रिकामी होती, मी भरली. आता तू बोल. मी सगळं सांगेन.”

पहिल्या रांगेत कुणाचं तरी गोळीचं वेष्टन चुरचुरलं आणि थांबलं.

मग यान बोलला, आणि वृषालीनं कोरड्या आवाजात सांगितलं, “हे वाक्य मी कधीच म्हणालो नाही. ते या दुभाषी बाईंनी घातलं.”

एकनाथराव खुर्चीतून अर्धे उठले.

“मी तीन दिवस तिच्याबरोबर फिरलो,” वृषाली म्हणाली. ‘फिरलो’वर तिचा आवाज जरासा हलला. “रोज विचारलं. तिनं सांगितलं नाही. मला... मला फार राग आलाय.”

“अगं, मग तुझं काय म्हणणं आहे, ते सांग की त्याला!” भामाकाकू ओरडल्या.

“मला मंचावर स्वतःचं बोलता येत नाही, काकू.”

“हौ? त्याच्या सिनेमात बोललीस की!”

हॉल हसला. यानला शब्द कळले नाहीत, पण हसू कळलं. त्यानं तळहात गुडघ्यांवर पुसले आणि खाली बघून बोलू लागला. वृषाली एक वाक्य मागे राहून चालली.

“त्या दिवशी मी माझं वाक्य विसरलो होतो. कॅमेरा पाठीमागे होता, म्हणून मी नुसते आकडे म्हणालो. एक, दोन, तीन, चार. दिग्दर्शिकेला ते फार आवडलं. त्या पुटपुटण्यावर पॅरिसमध्ये दोन प्रबंध लिहिले गेले. मला बक्षीस मिळालं. सहा वर्षं मी हे कुणाला सांगितलं नाही... आणि शब्दांच्या खरेपणावरून जगाशी भांडत फिरलो.”

तो थांबला. तीही थांबली.

“माझ्या तोंडात कुणी शब्द घातलेले मला चालत नाहीत. हे वाक्य मात्र... मला हवंय. पण पडद्यावर मी ते पाठ फिरवून म्हणतो. कुणाला उद्देशून, तेच दिसत नाही.”

यान खुर्चीसकट वळला. खुर्ची करकरली. आता बासष्ट सभासदांना त्याची पाठ दिसत होती आणि वृषालीला चेहरा. तो अगदी हळू बोलला. माइकशिवाय.

वृषालीचे डोळे भरले होते, पण नियम म्हणजे नियम. तिनं माइक उचलला. “माझी गाडी साडेसातला आहे,” ती म्हणाली. “दुभाषी बाईंना काही... म्हणायचंय का?”

तिनं माइक बंद केला. गेल्या नऊ वर्षांत पहिल्यांदाच तिनं मंचावर स्वतःसाठी काही मागितलं, आणि तेही मराठीत.

“थांब.”

त्याचं भाषांतर कुणी केलं नाही.

सोमवारी एकनाथरावांनी मंडळाच्या नोंदवहीत कार्यक्रमाची नोंद केली. पाहुण्यांचे आगमन : गुरुवार, सकाळी, काचीगुडा. उपस्थिती : बासष्ट. बॅनरवरील नावात दुरुस्ती आवश्यक. शेवटचा रकाना होता, पाहुण्यांचे प्रस्थान. एकनाथरावांनी खिडकीतून खाली पाहिलं. समोरच्या पायरीवर यान ‘थांब’मधला ‘थ’ म्हणायला शिकत होता, आणि वृषाली त्याचा तोच उच्चार विनाकारण पुन्हा पुन्हा चुकीचा ठरवत होती.

रकाना रिकामा सोडायची त्यांची सवय नव्हती. त्यांनी टोपण काढलं आणि सुवाच्य अक्षरात लिहिलं : निरंक.