नवव्या मडक्यातलं हसू

"हसणं काढून टाका," संचालक मोघे म्हणाले, आणि डॉ. हेमांगी शेवडेच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

काढून टाका! अकरा वर्षं तिने या प्रयोगशाळेत मृद्ध्वनिवाचक, म्हणजे मातीतला आवाज वाचणारं यंत्र, घडवण्यात घालवली होती, ती काय याच्यासाठी?

कोपऱ्यात शेवंताबाई कुंभार चाकावर बसल्या होत्या. कारवडीच्या उत्खननातली नऊ मडकी हलवताही येणार नाहीत इतकी ठिसूळ, म्हणून लोकार्पणासाठी नवव्या मडक्याची हुबेहूब प्रतिकृती त्या घडवत होत्या. "पण बाई, मडकं बोलतं ते कसं?" त्यांनी सकाळीच विचारलं होतं.

"ओल्या मडक्यावर वेटोळी रेघ ओढताना जवळ कुणी बोललं, की काडी थरथरते. थरथर रेघेत उतरते. भाजली की पक्की. माझं यंत्र प्रकाशकिरणाने ती वाचतं."

"काडी सैल धरली तरच हं," शेवंताबाई म्हणाल्या. "घट्ट धरली तर थरथर हातच खातो."

हे हेमांगीला अकरा वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं.

आता ती मोघ्यांपुढे उभी होती. "सर, नऊ मडक्यांत एकच बाई बोलतेय, तेच वाक्य! भाषा कळत नाही, मान्य. पण पहिल्या मडक्यात ती न थांबता बोलते आणि कुणी हसत नाही. नवव्यात शेवटच्या शब्दाआधी दोन श्वास थांबते, आणि बायका खदाखदा हसतात. चार हजार वर्षांपूर्वी ही बाई विनोद सांगायला शिकली!"

"मंत्र आहे तो. आपले पूर्वज खिदळत बसत नव्हते. हसणं काढा, तंबोरा घाला."

"अहो, हसणं त्या बाईचं आहे! ते पुसणारे आपण कोण? आणि लोकार्पणाला येणाऱ्या मंत्रिमहोदयांनी विचारलं तर?"

"त्याला काय कळतंय? ठोंब्या आहे तो. तंबोरा ऐकला की डोळे मिटून हात जोडील."

मागे ओल्या मडक्यावर काडी फिरवत शेवंताबाई फिस्सकन हसल्या.

पंधरा दिवसांनी सभागृह खच्चून भरलं. "आता हा कुंभ बोलेल!" मोघे गरजले. हेमांगीने फक्त तंबोऱ्याचं ध्वनिमुद्रण लावायचं होतं. पण तिचा हात धजेना. खोटं वाजवण्यापेक्षा या प्रतिकृतीची खरखर बरी, जाऊ दे नोकरी! तिने किरण सरळ समोरच्या मडक्यावर सोडला.

"त्याला काय कळतंय? ठोंब्या आहे तो," मडकं मोघ्यांच्या आवाजात म्हणालं. "तंबोरा ऐकला की डोळे मिटून हात जोडील."

पहिल्या रांगेत मंत्रिमहोदय डोळे मिटून, हात जोडूनच बसले होते.

दोन श्वास सभागृह गप्प राहिलं. मग मडक्यातून फिस्सकन हसू आलं, आणि सगळी सभा हसत सुटली.

त्याच हशात हेमांगीने नवव्या मडक्याचं खरं ध्वनिमुद्रण लावलं. ती बाई बोलली, थांबली, शेवटचा शब्द म्हणाली. कुणाला अक्षरही कळलं नाही, तरी हजार माणसं त्या बायकांबरोबर हसली.

हेमांगीने वळून पाहिलं. शेवंताबाई पदराने डोळे पुसत होत्या.

"काडी मुद्दाम सैल धरली होती, बाई," त्या म्हणाल्या.