पडद्यावरचा मासा

"आवाज कमी कर, आई स्वयंपाकघरात आहे," दादा कुजबुजला.

मिरचीने टॅब्लेट पांघरुणाखाली ओढला. सुट्टीत ती मावशीकडे आली होती. मावसभाऊ दादा आणि त्याची धाकटी बहीण पिटुकली यांना घेऊन ती जे पाहत होती, ते पाहायला नको होतं हे तिला पक्कं ठाऊक होतं. मावशीच्या स्टुडिओतला घोड्यांचा चित्रपट शुक्रवारी एका ॲपवर यायचा होता. मिरचीला तो सोमवारीच एका चोरट्या वेबसाइटवर सापडला. सगळ्यांच्या आधी पाहायची हौस तिचीच.

पडद्यासमोर मोबाइल धरून उतरवल्यासारखं चित्र वाकडं होतं. अंधाऱ्या जंगलाचा प्रसंग आला आणि पिटुकली म्हणाली, "अय्या, जंगलात मासा?"

खरंच, काळ्या झाडांवरून एक शेंदरी मासा पोहत गेला. त्याची शेपटी एका बाजूने फाटलेली होती.

"प्रतिबिंब असणार," दादा म्हणाला. "शेजारी फिशटँक असेल." तिघं तोंड दाबून हसली.

दुसऱ्या दिवशी मावशी दुपारीच घरी आली आणि चपला न काढता खुर्चीत बसली. चित्रपटातले आवाज तिचे होते. वाळूवर लाकडी ठोकळे आपटून आपटून तिने आठ महिने घोड्यांच्या टापा घडवल्या होत्या.

"चित्रपट फुटला," ती म्हणाली. "रविवारी रात्री कोणीतरी वेबसाइटवर टाकला. आता काढलाय, पण लोकांनी पाहून टाकला. ॲपवाले म्हणतात, फुकट पाहिलेला पुन्हा कोण बघणार? दुसरा भाग थांबवलाय. शनिवारी कॉपी फक्त मला आणि आमच्या स्टुडिओच्या साहेबांना मिळाली होती. साहेब म्हणतात, रविवारी त्यांची केबिन बंद होती. राहिले मीच."

मिरचीने दादाकडे पाहिलं. फाटक्या शेपटीचा मासा साहेबांच्या केबिनमध्ये होता. गेल्याच आठवड्यात मावशीबरोबर स्टुडिओत गेल्यावर तिघांनी त्याला खायला घातलं होतं.

"हे सांगायचं, तर आपण पाहिला हेही सांगावं लागेल," दादा हळूच म्हणाला.

"मग सांगू," मिरची म्हणाली आणि तिने मावशीला सगळं सांगितलं.

मावशी रागावली असती तर बरं झालं असतं. तिने एवढंच विचारलं, "टापा नीट ऐकू आल्या का गं?"

"नाही," मिरची म्हणाली. "आवाज अगदी बारीक ठेवला होता."

संध्याकाळी चौघं स्टुडिओत गेली. ॲपच्या कंपनीतल्या बाई साहेबांच्या केबिनमध्ये चौकशीलाच बसल्या होत्या. ठरल्याप्रमाणे पिटुकली सरळ फिशटँकपाशी गेली.

"साहेब, हा किती वाळलाय! रविवारी उपाशी होता ना?"

"छे गं, मी स्वतः घातलं खायला. भाच्याचे मित्र आले होते, तेव्हाच..." साहेब एकदम थांबले.

"केबिन तर बंद होती," बाई म्हणाल्या.

मग मिरचीने जंगलातल्या माशाची गोष्ट सांगितली. साहेबांचा चेहरा उतरला.

"पोरांना हौसेने दाखवला हो," ते म्हणाले. "मध्येच फोन आला म्हणून मी बाहेर गेलो. कोणी मोबाइल लावून ठेवेल, हे डोक्यातच आलं नाही. आणि मग खरं सांगायचा धीर झाला नाही."

त्यांनी मावशीची हात जोडून माफी मागितली. बाई मुलांकडे वळल्या. "मोठ्यांना जमलं नाही ते तुम्ही केलंत. तुमच्यामुळे यांच्यावरचा आळ गेला. शाबास."

"आता दुसरा भाग होईल ना?" मिरचीने विचारलं.

"ते माझ्या हातात नाही, बाळ. त्या वेबसाइटवर चौदा लाख वेळा पाहिला गेला चित्रपट."

मिरची जमिनीकडे बघत राहिली. "त्यात आम्ही तिघं आहोत," ती म्हणाली.

मावशीने तिच्या खांद्यावर हात ठेवला. तो शाबासकीचाच होता, पण मिरचीला मान वर करता आली नाही.