पाठमोरं उत्तर

सोलमध्ये आता लोक मूकपट पाहायला नव्हे, ऐकायला जात. ओठांच्या हालचालींवरून शब्द ओळखणारं ‘ओष्ठवाचक’ यंत्र आलं आणि शंभर वर्षं गप्प बसलेले नट बोलू लागले. गंमत म्हणजे, बरेचजण भलतंच बोलत होते. जेवायला काय आहे, दिग्दर्शक किती खडूस आहे, असलं काहीतरी! त्या काळी पडद्याशेजारी उभा राहून ‘ब्योन्सा’ नावाचा निवेदक सगळ्यांचे संवाद एकटाच म्हणायचा. मग नटांनी नुसतं तोंड हलवलं की झालं.

चित्रपट संग्रहालयात काम करणाऱ्या शाल्मली ढवळेने रीळ लावलं. शेजारी सत्तरीच्या ओक्-सुन बसल्या होत्या. पडद्यावर त्यांची आजी सरदारकन्या झाली होती आणि आजोबा तिचा नोकर. प्रत्यक्षात सगळं उलटं. आजी कलावंतीण, आजोबा खानदानी घरातले, वडिलांशी भांडून सिनेमात आलेले. वडिलांचा माणूस सतत पाळतीवर असायचा. लग्न झालंच नाही. मूल आजीने एकटीने वाढवलं.

“‘त्याने मला कधी विचारलंच नाही,’ असं आजी मरेपर्यंत म्हणायची,” ओक्-सुन म्हणाल्या. “म्हणून पितरांच्या दिवशी त्याच्या नावाचा भाताचा वाडगा मी कधी मांडला नाही. उद्या तो दिवस आहे. माझ्यामागे मांडणारं कोणी नाही, पोरी. एकदाची खात्री करून टाकू.”

पडद्यावर बर्फ भुरभुरत होता. चंदेरी उजेडात नोकराने गुडघे टेकले. त्याचे ओठ हलले आणि खोलीत एक तरुण, हळवा आवाज उमटला.

“आवाज काढत नाही, नुसते ओठ हलवतो; नाहीतर तो माणूस ऐकेल. मी घर सोडतो. तू माझ्याशी लग्न करशील?”

ओक्-सुननी शाल्मलीचा हात घट्ट धरला. “विचारलं की गं त्याने! आणि मी जन्मभर त्याला शिव्या घातल्या.” त्यांना रडू आवरेना.

पडद्यावर नायिकेने पाठ फिरवली. खांदे किंचित हलले, पण ओठ दिसेनात. यंत्र गप्प झालं.

“मावशी, खांद्यांच्या हालचालीवरून यंत्र उत्तराचा अंदाज बांधेल. बोलायला लावू?”

“नको. ब्योन्साही लोकांना आवडेल तेच म्हणायचा.”

बर्फ पडत राहिला. त्या पाठमोऱ्या मुलीकडे ओक्-सुन कितीतरी वेळ बघत होत्या.

“उद्या दोन वाडगे मांडीन, शेजारीशेजारी,” त्या शेवटी म्हणाल्या. “पण तीच नाही म्हणाली असेल आणि मरेपर्यंत ते लपवलं असेल, तर त्याच्या शेजारी येऊन बसेल का गं आजी?”