जयमालाचं कपाळ

फोन आला तेव्हा निवृत्ती हरभऱ्यात तुषार सिंचनाचे पाईप बदलत होता. मुंबईहून कुणी अनोळखी बाई बोलत होती. आपण जयमालाताईंचे कोण, असं तिनं विचारलं. नवरा, असं त्यानं सांगितलं. ताईंनी मेकअपच्या खोलीत बसल्या बसल्या मान टाकली, दवाखान्यात नेलं पण उपयोग झाला नाही, एवढंच तिला सांगता आलं. निवृत्तीनं पाण्याचा कॉक बंद केला आणि तो बांधावर बसला. थोड्या वेळापूर्वीच तर ती याच फोनवर बोलली होती! मालिकेतल्या विधवेच्या कामासाठी कुंकू पुसायची वेळ आली की ती आधी नवऱ्याला फोन करायची. त्याचा आवाज ऐकल्याशिवाय कपाळाला हात लावायचा नाही, हा तिचा तिनंच घातलेला नेम होता. आजही तिनं विचारलं होतं, "पुसू का हो?" आणि खांद्यावर पाईप घेऊन तो हसत म्हणाला होता, "पुस न बापा. किती डाव इचारशीन?"

दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी जानेफळात आली. मुलगा हर्षल पुण्याहून येऊन पोचला होता. चादर बाजूला झाली आणि अंगणातल्या बाया कुजबुजू लागल्या. जयमालाच्या अंगावर कामातलं पांढरं लुगडं होतं, हात मोकळे, गळा मोकळा आणि कपाळ कोरं. नवरा शेजारी उभा असताना ती विधवा होऊन घरी आली होती. निवृत्तीची आई मनकर्णाबाई काठी टेकत पुढे आली, सुनेच्या कपाळाकडे तिनं पाहिलं आणि आत जाऊन भिंतीकडे तोंड करून बसली.

हे सगळं सुरू झालं होतं मनकर्णाबाईच्याच एका अटीपासून.

मेहकरच्या कॉलेजात जयमाला नाटकात नायिका व्हायची, आणि तिच्यापुढे शिपायाची दोन वाक्यं बोलताना निवृत्ती दोन्ही विसरायचा. तिथंच जुळलं. लग्नानंतर अकोल्याच्या एका मंडळीनं तिला मोठ्या नाटकात नायिका म्हणून बोलावलं तेव्हा मनकर्णाबाईनं उंबऱ्यात उभं राहून सांगितलं, की सोंग करायचं तर म्हातारीचं कर, रांडमुंडीचं कर, माझ्या सुनेच्या अंगाले परक्या माणसाचा हात लागू देणार नाही. जयमाला मान खाली घालून हो म्हणाली. ऐन तरुणपणी तिनं केसांना पांढरा रंग लावला तो कायमचा. कुणाची विधवा आत्या, कुणाची आंधळी आजी, पोरगी पळून गेलेली आई... नाटकातून मालिकांत गेली, दोन सिनेमांत गेली, पण नायिकेच्या मागे उभं राहणं काही सुटलं नाही. तिच्याबरोबर सुरुवात केलेल्या मुलींची चित्रं भिंतींवर लागली, आणि हिचं नाव शेवटच्या पाट्या सरकताना वाचायच्या आत निघून जायचं. निवृत्तीला त्याचं फार लागायचं. ती मात्र हसायची, "म्हातारीचं काम मरेपर्यंत पुरते हो. नायिका तं चार वर्षांत उतरते." आणि तिनं त्याच्याकडून वचन घेतलं होतं, की अटीची गोष्ट भावकीत काढायची नाही, आत्याबाईच्या, म्हणजे सासूच्या, मानाची गोष्ट आहे, सांगायची तर त्याच सांगतील.

म्हणून त्या सकाळी निवृत्ती आई काही सांगेल याची वाट पाहत उभा राहिला.

सवाष्ण गेली की तिला हिरवं लुगडं नेसवायचं, चुडा भरायचा, कपाळी मळवट आणि मग ओटी. हे काम भावकीतल्या सवाष्णींचं. त्यांत मोठी होती त्याची चुलत भावजय सिंधूताई. ती पुढे झालीच नाही. तिच्या मागच्या बायाही हात पदरात घेऊन उभ्या राहिल्या.

"भाऊजी, राग नोका मानू," सिंधूताई म्हणाली. "जिनं आपल्या हातानं जन्मभर कुंकू पुसलं, हौसेनं पुसलं, तिची ओटी आम्ही कशी भरावं? आमच्याबी कपाळी कुंकू हाये."

हौसेनं! निवृत्तीच्या काळजात तो शब्द सुरीसारखा फिरला. तो आईपाशी जाऊन खाली बसला.

"माय, सांग न त्याईले. एक बार सांग."

मनकर्णाबाईनं मान वळवली नाही. "मले काय इचारतं? तिच्या धंद्यातलं मले काय माईत."

हर्षल रडत रडत बायांच्या पाया पडला. कुणी हललं नाही. शेवटी निवृत्तीनंच बायकोच्या कपाळाला कुंकू लावलं, आणि एक बाई मागून म्हणाली, बाप्या माणसानं लावलेलं काय कामाचं. ओटीविनाच तिरडी उचलली.

रक्षा पैनगंगेत सोडून आल्यावर एका दुपारी मालिकेत जयमालाचा शेवटचा भाग लागला. हर्षलनं टीव्ही लावला. सून दिसली की मनकर्णाबाई नेहमी उठून जायची. त्या दिवशी पाय सुजलेले, उठवेना. पडद्यावर घरात हळद लागत होती, वाजंत्री वाजत होती, आणि मागच्या गोठ्यात विधवा आत्या झालेली जयमाला सुपात दाळ पाखडत बसली होती. हुंदका आला तशी तिनं पदराचा बोळा दातांत धरला, पण सूप थांबू दिलं नाही. आवाज थांबला तर कुणीतरी पाहायला येईल, ही भीती तिच्या डोळ्यांत उभी होती...

म्हातारीच्या हातातली काठी खाली पडली.

"हे तं मी व्हय," ती निवृत्तीला म्हणाली. "तुह्या लग्नात. रांडमुंड म्हनून मले हळदीजवळ येऊ देल्लं नोयतं, तवा मी अशीच बसली होती. कोनी पाह्यलं नाही असं वाटे मले." मग पडद्याकडे बोट करून, "नवरी असून हिनं पाह्यलं. अन् आजवर बोलली नाही."

त्याच पावली तिनं निवृत्तीला आपल्याला धरून सिंधूताईच्या दारात न्यायला लावलं. ओसरीवर बाया निवडण घेऊन बसल्या होत्या. त्या सगळ्यांपुढे मनकर्णाबाई म्हणाली, "तिनं हौसेनं नाही पुसलं. म्याच पुसाले लावलं. लेकराच्या जित्तेपनी म्या सुनेले रांड केलं, अन् त्या दिवशी तोंड शिवून बसली."

सिंधूताईनं निवडण बाजूला ठेवलं. तिच्याही डोळ्यांत पाणी आलं होतं, पण आवाज कोरडाच होता. "काकी, आता सांगून आम्ही काय करावं? त्या दिवशी एका शब्दाचं काम होतं. आता ओटी कोनाची भरावं, नदीची?"

मनकर्णाबाई काठी टेकत माघारी वळली. परत येताना वाटेत ती थांबली आणि मुलाचा दंड धरून रडली, अगदी लहान पोरीसारखी, सगळ्या गल्लीला ऐकू जाईल अशी. निवृत्तीला वाटलं, हात झटकून द्यावा. त्यानं झटकला नाही. तिला धरून घरी आणलं, पाणी दिलं.

आता तो तिच्याशी बोलतो. सकाळ-संध्याकाळ तिला वाढतो, सुजल्या पायांना तेल लावतो. रोज दुपारी ती टीव्हीसमोर बसते आणि सून आता दिसणार नाही, हे तिला रोज सांगावं लागतं. भावकीतल्या बाया येतात, जयमाला फार सोसणारी होती म्हणतात, चहा घेऊन जातात.

जयमालाची ओटी भरायची राहिली आहे.